प्रत्येक तारखेला आरोपीनं कोर्टात उभं राहावंच लागतं का?

प्रश्न थोडक्यात असा आहे. सांगली जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या कोर्टात २०२१ पासून बांधाच्या भांडणाचा फौजदारी खटला चालू आहे. भारतीय दंड संहितेची कलमं ३२४, ३२३, ५०४, ५०६ आणि ३४, म्हणजे घातक हत्यारानं व साधी दुखापत, अपमान, धमकी आणि हे सगळं मिळून केल्याचा आरोप. आरोपी चौघं : दोघे भाऊ, सत्तरी ओलांडलेली आई आणि एक चुलतभाऊ. विचारणारा धाकटा भाऊ, आरोपी क्रमांक ३, बंगळूरला नोकरीला. चौघंही जामिनावर आहेत. महिना-दीड महिन्यानं तारीख लागते, बहुतेक तारखांना काहीच होत नाही. गेल्या तारखेला तो गेला नाही. वकिलांनी गैरहजेरी माफीचा अर्ज दिला, तो नामंजूर झाला आणि अजामीनपात्र वॉरंट निघालं. आता विचारणं असं : कायमची माफी मिळते का, आईला तरी मिळेल का, वॉरंटचं काय करायचं, आणि कंपनीनं सहा महिन्यांसाठी दुबईला पाठवलं तर जाता येईल का.

आधी वॉरंटचं बघू. ते निकालात निघाल्याशिवाय बाकीच्या कुठल्याही अर्जाला अर्थ नाही.

वॉरंट पुढच्या तारखेला आपोआप मरत नाही. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ७०(२) प्रमाणे ते बजावलं जाईपर्यंत किंवा काढणारं कोर्ट ते रद्द करेपर्यंत जिवंत राहतं. त्यामुळे ‘पुढच्या तारखेला बघू’ म्हणत बंगळूरला बसून राहू नका. पोलीस ठाण्याचा पैरवी हवालदार एखाद्या शनिवारी संध्याकाळी, गावच्या जत्रेत किंवा नात्यातल्या लग्नात तुम्हाला गाठतो आणि मग रविवारी रिमांडच्या कोर्टापुढे उभं राहावं लागतं. त्यापेक्षा आपणहून जा. कामाचा दिवस बघा, सकाळच्या सत्रात वकिलांसोबत हजर व्हा आणि वॉरंट रद्द करण्याचा अर्ज द्या. जामीनदाराला सोबत न्या. त्याचा सातबारा किंवा घरपट्टीची पावती, आधार, रेशनकार्ड हेही हवं, कारण जुना मुचलका, म्हणजे हजर राहण्याचं लेखी बंधपत्र, मोडला असं कोर्टानं धरलं असेल तर कलम ४४६-क प्रमाणे तो रद्द होतो आणि नवा द्यावा लागतो. तुमच्यासाठी जामीन राहिलेल्या माणसाला ‘रक्कम का वसूल करू नये’ अशी नोटीस कलम ४४६ खाली येऊ शकते, तीही त्याच दिवशी निस्तरा. आरोपी स्वतः समोर उभा असेल आणि कारण खरं असेल, तर बहुतेक न्यायाधीश थोडाफार खर्च लावून वॉरंट रद्द करतात. आरोपी बंगळूरला आणि वकील एकटेच अर्ज घेऊन उभे, असं असेल तर मात्र फारसं ऐकून घेतलं जात नाही.

युक्तिवादाला मुद्दा आहे. सर्वोच्च न्यायालयानं इंदर मोहन गोस्वामी प्रकरणात २००७ साली सांगितलं की आधी समन्स, मग जामीनपात्र वॉरंट आणि त्यालाही दाद मिळाली नाही तर अजामीनपात्र, अशी पायरी साधारणपणे धरावी. माणसाच्या स्वातंत्र्याचा प्रश्न आहे, वॉरंट यांत्रिकपणे काढू नये. मे २०२४ च्या शरीफ अहमद निकालातही हेच पुन्हा आलं आहे. एकाच गैरहजेरीवर, तीही अर्ज दिलेला असताना, थेट अजामीनपात्र वॉरंट निघालं असेल तर हे जरूर मांडा. पण कोर्टात उभं राहून मांडा. फरार राहून कायदा शिकवणाऱ्याचं कोर्ट ऐकत नाही.

आता माफीकडे येऊ. ‘माफीचा अर्ज’ म्हणून जो कागद सगळीकडे फिरतो, त्याच्या पोटात दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि आपले लोक त्यांची सरमिसळ करतात.

पहिली आजपुरती माफी. बाळ आजारी, गाडी चुकली, परीक्षा आली, म्हणून या एका तारखेची गैरहजेरी माफ करा. दुसरी कायमची किंवा पुढील आदेशापर्यंतची माफी. म्हणजे माझ्या वतीनं वकील हजर राहतील, काम माझ्याविना चालू द्या, आणि कोर्टाला मी हवा असेन तेव्हा बोलवा, मी येतो. पहिल्या अर्जानं आजचा दिवस निभावतो, खटला तिथंच राहतो. दुसऱ्या अर्जानं खटला पुढे सरकायची सोय होते. कोर्टाच्या नजरेत या दोन अर्जांची किंमत अगदी वेगळी असते.

कलमांचं बोलायचं तर दंडाधिकारी समन्स काढतात तेव्हाच हजेरी माफ करून वकिलामार्फत हजर राहू देण्याचा अधिकार जुन्या संहितेच्या कलम २०५ मध्ये होता. चौकशी किंवा खटला चालू असताना कुठल्याही टप्प्यावर, दंडाधिकारी असोत की सत्र न्यायाधीश, आरोपीविना काम चालवण्याचा अधिकार कलम ३१७ मध्ये. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत, म्हणजे १ जुलै २०२४ पासून, हीच कलमं अनुक्रमे २२८ आणि ३५५ झाली. तुमचा खटला त्या तारखेआधीपासून प्रलंबित आहे, म्हणून नव्या संहितेच्या कलम ५३१ मुळे तो जुन्या संहितेप्रमाणेच चालेल. अर्जावर ३१७ लिहा. तुम्हाला पोलिसांनी पकडलं, जामिनावर सोडलं, दोषारोपपत्र आलं, अशा खटल्यात २०५ ओढूनताणून लावण्यापेक्षा ३१७ सरळ बसतं. चेक न वटल्याच्या, बदनामीच्या किंवा खाजगी फिर्यादीच्या खटल्यात, जिथं पहिलाच कागद समन्स असतो, तिथं २०५ किंवा आताचं २२८ योग्य. अर्जावरचं कलम चुकलं म्हणून कोणी अर्ज फेकून देत नाही, पण कलम बरोबर असलं की वकिलांनी प्रकरण वाचलंय एवढं तरी कोर्टाला कळतं.

३१७ ची एक अट लक्षात ठेवा, कारण बहुतेक घात तिथंच होतो : आरोपीचा वकील हजर पाहिजे. माफी मिळालेल्या आरोपीचा वकीलही पुकाऱ्याला नसेल, तर त्या दिवशी कोर्टासमोर तुमच्या बाजूनं कोणीच नसतं. ज्युनिअर तालुक्याच्या दुसऱ्या कोर्टात, सिनिअर जिल्ह्याला, आणि आरोपी बंगळूरला निवांत, कारण ‘आपल्याला माफी आहे’. मग एक तर काम तहकूब होतं किंवा माफीच रद्द होते. म्हणून माफी मागण्याआधी वकिलांशी स्पष्ट बोला. प्रत्येक तारखेला ते किंवा त्यांचे सहकारी असणार का? फीचं ठरलंय का? तारखेच्या दिवशी संध्याकाळी ई-कोर्ट्सच्या ॲपवर सीएनआर नंबर (प्रत्येक खटल्याला मिळणारा स्वतंत्र क्रमांक) टाकून पुढची तारीख आणि टप्पा स्वतः बघण्याची सवय लावा.

कोर्टाला नेमकं काय दिसतं ते एकदा डोळ्यापुढे आणा. पट्टेवाला पुकारा करतो. चौघांपैकी तिघं आत येतात. लिपिक रोजनाम्यात, म्हणजे खटल्याच्या तारखेवार नोंदीत, लिहितो (‘नि.’ म्हणजे निशाणी, कागदाचा क्रमांक) : ‘आरोपी क्र. १, २ व ४ हजर. आरोपी क्र. ३ गैरहजर. आरोपीचे वकिलांनी माफीचा अर्ज दिला, नि. १४. सरकारी वकिलांचे म्हणणे : योग्य तो आदेश व्हावा. अर्ज आजपुरता मंजूर. दोषारोप ठेवणेकामी पुढील तारीख.’ पुढच्या तारखेला हेच, फक्त या वेळी क्रमांक १ गैरहजर आणि अर्ज नि. १५. त्यापुढच्या वेळी आई आजारी. चार आरोपींच्या खटल्यात आळीपाळीनं एकेक जण गैरहजर राहिला की दोषारोप ठेवायलाच दोन वर्षं लागतात. त्यात कट काही नसतो, प्रत्येकाचं कारण खरंही असतं. पण न्यायाधीशांपुढे फाईल उघडते तेव्हा माफीच्या अर्जांची माळ तेवढी दिसते. २०२१ च्या खटल्यात २०२१ पासून काहीच का झालं नाही, याचा जाब त्यांनाही वर द्यावा लागतो. तुमचा नामंजूर झालेला अर्ज हा अशा माळेतला शेवटचा मणी असणार, असा माझा कयास आहे. तो एकटा वाचला असता तर बहुधा मंजूर झाला असता.

म्हणून पक्षकारांना मी एकच गोष्ट सांगत असतो : ‘मला येणं जड जातं’ हे अर्ज मंजूर व्हायचं अर्धंच कारण आहे. उरलेलं अर्धं म्हणजे ‘मी आलो नाही तरी तुमचं काम अडणार नाही’. पहिला भाग सगळेच लिहितात. दुसरा भाग जवळजवळ कोणी लिहीत नाही, आणि अर्ज त्याच भागावर मंजूर होतो.

हे मी मनानं सांगत नाही. भास्कर इंडस्ट्रीजच्या २००१ सालच्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं हाच रस्ता आखून दिला. चेक न वटल्याचा खटला भोपाळला, आरोपी हरियाणातले. न्यायालय म्हणालं की लांबून येण्याचा त्रास आणि खर्च मोठा असेल, तर दंडाधिकारी हजेरी माफ करू शकतात, अगदी पहिल्या हजेरीपासूनसुद्धा. मात्र आरोपीनं काही हमी द्यायची : खटल्यातला आरोपी तोच आहे याबद्दल वाद घालणार नाही, त्याच्या वतीनं वकील हजर राहतील आणि त्याच्या गैरहजेरीत पुरावा नोंदवायला हरकत नाही. अशा माफीत गुन्हा कबूल आहे की नाही हे वकिलामार्फत सांगितलेलंही चालतं. पुढे २०१९ मध्ये पुनीत दालमिया प्रकरणात आरोपी दिल्लीचे, खटला हैदराबादच्या सीबीआय कोर्टात. तिथंही सर्वोच्च न्यायालयानं याच धर्तीच्या अटी घालून माफी दिली. तुमचं बंगळूर-सांगली अंतर त्यापेक्षा कमी असलं तरी धाग्याचा पोत तोच आहे.

उलट बाजूही सांगायला हवी. टी.जी.एन. कुमार प्रकरणात केरळ उच्च न्यायालयानं माफीबद्दल सगळ्या दंडाधिकाऱ्यांना सरसकट सूचना दिल्या होत्या, त्या २०११ साली सर्वोच्च न्यायालयानं काढून टाकल्या. माफी देणं न देणं हे त्या त्या दंडाधिकाऱ्यानं प्रकरण पाहून ठरवायचं आहे. त्यामुळे ‘अमक्याला मिळाली म्हणजे मलाही मिळालीच पाहिजे’ असा हक्क सांगता येत नाही. भिवंडीच्या कोर्टानं एप्रिल २०२३ मध्ये राहुल गांधींना बदनामीच्या खटल्यात कायमची माफी दिली. अंधेरीच्या कोर्टानं मार्च २०२२ मध्ये जावेद अख्तर यांच्या फिर्यादीत कंगना रनौत यांचा तसाच अर्ज फेटाळला. दोन्ही आरोपी प्रसिद्ध, दोघंही कामात. नुसतं ‘मी व्यस्त आहे’ यावर कुणाचं भागत नाही, एवढं यातून घ्या. पेपरात नाव येणाऱ्यांना वेगळा कायदा असतो असं आपण म्हणतो खरं, पण माफीच्या बाबतीत गरीब माणसाचे अर्ज बहुतेकदा कायद्यापेक्षा आळशी मसुद्यामुळे पडतात. छापील नमुना, रिकाम्या जागेत नाव, ‘तब्येत बरी नसल्याने’ आणि खाली सही. तीसुद्धा वकिलांची.

मग तुमचा अर्ज कसा हवा? तुमचं स्वतःचं प्रतिज्ञापत्र सोबत हवं. नोकरीचं पत्र, राहण्याचा पुरावा, शक्य असेल तर आजवर किती तारखांना हजर होता त्याची रोजनाम्यावरून काढलेली यादी. हजर असलेल्या तारखा जास्त असतील तर तुमच्या बाजूनं त्याहून मोठा पुरावा नाही. आणि मुख्य मजकूर साधारण असा :

‘अर्जदार हा आरोपी क्र. ३ असून बंगळूर येथे नोकरीस आहे. अर्जदाराच्या वतीने ॲड. … हे प्रत्येक तारखेस हजर राहून कामकाज चालवतील व अर्जदाराच्या गैरहजेरीच्या कारणावरून तहकुबी मागणार नाहीत. अर्जदाराच्या गैरहजेरीत परंतु वकिलांच्या समक्ष साक्षीपुरावा नोंदवण्यास अर्जदाराची हरकत नाही व तसा पुरावा नोंदवला म्हणून अर्जदार पुढे तक्रार करणार नाही. दोषारोप ठेवणे, आरोपीचा जबाब, निकाल, तसेच मे. कोर्ट सांगेल त्या तारखेस अर्जदार स्वतः हजर राहील. साक्षीदाराने आरोपी क्र. ३ म्हणून ज्या इसमाचा उल्लेख केला आहे तो अर्जदार हाच आहे, याबाबत अर्जदार वाद घेणार नाही. मात्र घटनेच्या वेळी अर्जदार घटनास्थळी होता हे अर्जदारास मान्य नाही व त्याबाबतचा बचाव राखून ठेवला आहे.’

शेवटची दोन वाक्यं पुन्हा वाचा. या अर्जात सगळ्यात जास्त विचार मागणारी जागा तीच आहे. मारामारीच्या खटल्यात फिर्यादी आणि साक्षीदार कोर्टात बोट दाखवून सांगतात, ‘हाच तो, यानंच काठी मारली.’ आरोपीच समोर नसेल तर बोट कुणाकडे दाखवणार? म्हणून सरकारी वकील अशा अर्जाला हमखास याच मुद्द्यावर हरकत घेतात आणि ती हरकत रास्त असते. ओळखीबद्दल वाद नाही अशी हमी किंवा पुरशिस (कोर्टात द्यायचं लेखी निवेदन) दिली की हरकत संपते. पण घाईघाईत ‘आरोपीची ओळख मान्य आहे’ एवढंच लिहून मोकळे झालात, तर ‘मी त्या दिवशी गावातच नव्हतो’ हा तुमचा बचाव असेल तेव्हा समोरचा वकील तेच वाक्य तुमच्या अंगावर घेऊन येतो. कागदावरचा आरोपी क्रमांक ३ मी आहे, हे मान्य करणं वेगळं; त्या दिवशी त्या बांधावर मी होतो, हे मान्य करणं वेगळं. अर्जात ही रेघ स्पष्ट ओढा. आणि एखाद्या खटल्यात पोलिसांनी भलताच माणूस उचललाय, साक्षीदार त्याला ओळखतच नाहीत, असाच बचाव असेल, तर ही हमी अजिबात देऊ नका. तिथं माफी सोडा, कोर्टात बसा.

कायम माफी मिळाली तरी काही तारखा सुटत नाहीत. दोन वर्षांहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्याचा तो वॉरंट खटला, त्याखालचा समन्स खटला. तुमचा खटला वॉरंट खटला आहे, कारण ३२४ ला तीन वर्षांपर्यंत शिक्षा आहे. दोषारोप वाचून समजावला जातो आणि गुन्हा कबूल आहे का विचारलं जातं, त्या दिवशी बहुतेक दंडाधिकारी आरोपीला समोर बघतातच. साक्षी संपल्यावर कलम ३१३ चा जबाब असतो, म्हणजे पुराव्याबद्दल आरोपीला प्रश्न विचारले जातात; नव्या संहितेत ते कलम ३५१. समन्स खटल्यात, हजेरी माफ असेल तर हा जबाबही माफ करायची सोय कायद्यातच आहे. वॉरंट खटल्यात तशी नाही. तरी बसवराज पाटील प्रकरणात २००० साली सर्वोच्च न्यायालयानं वाट ठेवली : येणं खरंच अशक्यप्राय असेल तर अडचण सांगणारं, आपलं नुकसान होत नाही असं मान्य करणारं आणि पुढे तक्रार करणार नाही अशी हमी देणारं प्रतिज्ञापत्र दिल्यावर कोर्ट प्रश्नावली पाठवून लेखी उत्तरं घेऊ शकतं. ही वाट परदेशात अडकलेल्यांसाठी आहे. बंगळूरहून रात्रीची बस धरून येणाऱ्यानं ती मागू नये, मागितली तर कोर्टाचा तुमच्यावरचा विश्वासच कमी होतो. निकालाच्या दिवशी हजर राहायचं असतं. त्यातून सुटका फक्त माफी असलेल्या आरोपीची, तीही निर्दोष सुटका किंवा नुसता दंड असेल तेव्हा.

आणि एक तारीख कायद्यानं नाही तरी मी सांगतो म्हणून गाठा : फिर्यादीच्या आणि मुख्य साक्षीदाराच्या उलटतपासाची. वकिलांना कागद माहीत असतात, बांध माहीत नसतो. ‘विहिरीपासून बांध दिसतो’ असं साक्षीदार बोलून जातो तेव्हा मधे उसाचा फड होता, फेब्रुवारीत तोडणीही झाली नव्हती, हे वकिलांच्या कानात सांगणारं कोणीतरी मागे बसलेलं लागतं. थोरला भाऊ असेल तर ठीक. त्यालाही माफी मागायची असेल तर दोघांनी वाटून घ्या, पण त्या दिवशी चौघांपैकी कोणीतरी माहितगार कोर्टात असू द्या.

आईंचं तुमच्यापेक्षा सोपं आहे. वय, गुडघे, रक्तदाब, सरकारी दवाखान्याचे कागद, आणि त्यांच्यावरचा आरोप बहुधा शिवीगाळीपुरता. अशा वृद्ध बाईला दर महिन्याला एसटीनं तालुक्याला आणून बाकावर बसवण्यात कुणालाच रस नसतो. १९७८ मध्ये मनेका गांधींनी मुंबईच्या दंडाधिकाऱ्यांपुढचा बदनामीचा खटला दिल्लीला हलवावा म्हणून सर्वोच्च न्यायालयात अर्ज केला होता. न्यायालयानं खटला हलवला नाही, पण येण्याजाण्याची अडचण असेल तर दंडाधिकाऱ्यांनी माफी देऊन ती सोडवावी, अशी भूमिका घेतली. शरीफ अहमद निकालात याचाच आधार घेऊन आणखी एक गोष्ट स्पष्ट केली गेली : आधी जामीन घ्या, मगच माफीचं बोला, असा नियम नाही. आईंचा अर्ज वेगळा द्या, तुमच्या अर्जात घुसडू नका. त्यांचा मंजूर आणि तुमचा नामंजूर होऊ शकतो, आणि तसं झालं तर एकाच कागदावर दोन्ही असणं आईंना महागात पडतं.

व्हिडिओवरून हजर राहण्याचं विचारलं नाहीत, तरी सांगतो. डॉ. प्रफुल्ल देसाई यांच्या मुंबईच्या खटल्यात २००३ सालीच सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं की हजेरी म्हणजे प्रत्येक वेळी शरीरानं तिथं असणंच असं नाही. नव्या संहितेच्या कलम ३५५ खालच्या स्पष्टीकरणात तर दृक-श्राव्य साधनांनी हजर राहणं ही हजेरीच धरली आहे. तुमच्या खटल्याला जुनी संहिता लागू असली तरी आधाराला हा मुद्दा घेता येतो. बऱ्याच दंडाधिकाऱ्यांना कायमच्या माफीपेक्षा हे पचायला सोपं जातं. फक्त आदल्या दिवशी अर्ज आणि लिंक पक्की करा, आणि ऑफिसच्या कँटीनमधून किंवा चालत्या गाडीतून हजर होऊ नका. तुमच्या दृष्टीनं ती मीटिंग असेल, तिकडे ती कोर्टाची पायरी आहे.

दुबईबद्दल. हजेरीची माफी आणि देश सोडण्याची परवानगी हे दोन वेगळे आदेश आहेत. माफी मिळाली म्हणून विमानात बसलात आणि जामिनाच्या आदेशात ‘कोर्टाच्या परवानगीशिवाय परदेशी जाऊ नये’ अशी अट असेल, तर जामीनच धोक्यात. आदेशाची नक्कल काढून अट बघा. पासपोर्ट संपत आला असेल तर आणखी एक गोष्ट : फौजदारी खटला प्रलंबित असताना पासपोर्ट कायद्याच्या कलम ६(२)(च) खाली पासपोर्ट नाकारता येतो आणि १९९३ च्या अधिसूचनेप्रमाणे कोर्टाची परवानगी आणल्यावर तो मिळतो. परवानगीच्या आदेशात मुदत लिहिलेली नसेल तर एकाच वर्षाचा मिळतो. म्हणून अर्जात किती वर्षांसाठी हवा ते मागा, आणि आदेशात ते आकड्यानं आलंय का हे कोर्टातून बाहेर पडण्याआधी वाचा. परदेशाच्या अर्जाला कंपनीचं पत्र, जाण्या-येण्याच्या तारखा, तिथला पत्ता आणि परत आल्यावर अमुक दिवसांत कोर्टात कळवण्याची हमी जोडा. वॉरंट निघाल्यानंतर दोन आठवड्यांत हा अर्ज देऊ नका. आधी दोन-तीन तारखा स्वतः हजर राहा, रोजनाम्यावर तुमच्या नावापुढे ‘हजर’ दिसू द्या.

कोणीतरी तुम्हाला सांगेल की नव्या कायद्यात आरोपीच्या गैरहजेरीत खटला चालवून शिक्षाही देता येते, म्हणून जायची गरजच नाही. ते कलम ३५६, आणि ते घोषित फरार माणसासाठी आहे, दहा वर्षं किंवा त्याहून मोठ्या शिक्षेच्या गुन्ह्यांत. ती सवलत नाही, आरोपीनं आपला हक्क सोडला असं धरणारी तरतूद आहे. तुमच्या बांधाच्या खटल्याशी तिचा संबंध नाही.

माफीचा अर्ज नामंजूर झाला तर लगेच वर धावू नका. आदेशात कारण काय लिहिलंय ते बघा. ‘दोषारोप ठेवणे बाकी’ असं असेल तर त्या टप्प्याला हजर राहा, दोषारोप होऊ द्या आणि मग नव्यानं अर्ज द्या. दुसऱ्या खेपेला तो बरेचदा मंजूर होतो, कारण अडलेलं काम तुम्ही स्वतः येऊन मोकळं केलेलं असतं. कारण न देताच नामंजूर केला असेल किंवा आईंसारख्या माणसाचा अर्ज फेटाळला असेल, तर उच्च न्यायालयात जाण्यात अर्थ आहे. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झाल्यानं सांगलीकरांना त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही.

तेव्हा क्रम असा धरा. या आठवड्यात रजा टाकून या, वॉरंट रद्द करून घ्या. त्याच दिवशी आईंचा अर्ज दाखल करा, त्याला थांबायचं कारण नाही. चौघांनी मिळून वकिलांना सांगा की पुढच्या तारखेला सगळे हजर आहेत, दोषारोप ठेवून घ्या. दोषारोप झाला की त्याच दिवशी, कोर्टात उभे असतानाच, तुमचा ३१७ चा अर्ज प्रतिज्ञापत्रासह द्या. न्यायाधीशांनी तोंडी विचारलं की ‘बोलावलं तर याल का?’, तर उत्तर वकिलांना देऊ देऊ नका. तुम्ही स्वतः द्या.